व्हर्न-वेल्स सोडून मन्रो का? तुम्ही विचारलंत म्हणून

'सर, विज्ञानकथा वाचायला ज्यूल व्हर्न आणि एच. जी. वेल्स असताना तुम्ही आम्हाला द्यायला हा जॉन मन्रो कुठून शोधून काढलात?' इलेक्ट्रिकलची पोरं मला हे दरवर्षी विचारतात, आता त्यांचे पालकही विचारायला लागलेत, तर एकदा नीट सांगतो.

मन्रो व्हिक्टोरियन काळातला ब्रिटिश इंजिनिअर, विजेतला माणूस. १८८४ मध्ये अँड्र्यू जेमिसनबरोबर त्यानं विजेची सूत्रं आणि तक्ते असलेलं पॉकेटबुक काढलं, आणि याच माणसानं १८९७ मध्ये 'अ ट्रिप टू व्हीनस' ही कादंबरी लिहिली. तिचं दुसरं प्रकरण मला फार आवडतं. त्यात घडत काहीच नाही, माणसं नुसती चर्चा करतात की दुसऱ्या ग्रहावर जायचं तरी कसं. व्हर्ननं १८६५ मध्ये माणसं तोफेतून चंद्राकडे पाठवली होती, ९०० फुटी तोफ, म्हणजे साधारण २७४ मीटर, आणि वेग सेकंदाला ११ किलोमीटर. हे गणित मी फळ्यावर करून घेतो, वेगाचा वर्ग भागिले अंतराची दुप्पट, उत्तर येतं गुरुत्वाकर्षणाच्या २०,००० पटींच्याही वर, म्हणजे आतला माणूस सुटतानाच संपला. मन्रो या धक्क्याचा विचार करतो, वेग हळूहळू वाढायला हवा म्हणतो, आणि तिथे येते कॉइलची, म्हणजे तारेच्या वेटोळ्यांची तोफ. करंट सोडला की कॉइल लोखंड आत ओढते, हे पोरांनी लॅबमध्ये स्वतः केलेलं असतं, त्यामुळे हे प्रकरण त्यांना आपलंच वाटतं. रॉकेटचीही चर्चा आहे त्यात.

पुढे मात्र यान उडतं ते कार्मायकेल नावाच्या संशोधकाच्या एका 'नव्या शक्ती'वर, आणि शुक्रावर पोचल्यावर प्रेमकथा सुरू होते. तो भाग मला कच्चा वाटतो. त्याच वर्षी वेल्सची मंगळवाल्यांच्या स्वारीची गोष्ट मासिकातून येत होती, लोकांच्या लक्षात ती राहिली, आणि गोष्ट म्हणून ती सरस आहेच.

पण माझा मन्रोवर खरा जीव जडला तो 'हीरोज ऑफ द टेलिग्राफ'मुळे, १८९१ चं पुस्तक. त्यात टेलिफोनवाल्या ग्रॅहम बेलच्या आधी योहान फिलिप राइसचं अख्खं प्रकरण आहे. जर्मनीतला साधा शाळामास्तर, सॉसेजच्या सालीचा पडदा, विणायची सुई, व्हायोलिन असलं सामान जमवून त्यानं आवाज तारेतून पाठवला आणि १८६१ मध्ये फ्रँकफर्टला तो दाखवलाही, पण मोठ्या लोकांनी फारसं मनावर घेतलं नाही आणि १८७४ मध्ये तो क्षयानं गेला, चाळिशीत. बेलचं पेटंट १८७६ चं. पुढे ह्यूजवरही प्रकरण आहे, ज्यानं आपला मायक्रोफोन पेटंट न घेता सगळ्यांना खुला केला. नुसता जिंकणाऱ्यांचा इतिहास लिहिणं मन्रोला सहज जमलं असतं, त्यानं तसं केलं नाही, म्हणून तो मला पोरांच्या हातात द्यावासा वाटतो.

मग सुरुवात कुठून करू, हा पुढचा प्रश्न असतोच. दोन्ही पुस्तकं प्रोजेक्ट गुटेनबर्ग या वेबसाइटवर फुकट आहेत. आधी राइस वाचा, मग शुक्राचं दुसरं प्रकरण, आणि ते वाचताना कागद-पेन्सिल जवळ ठेवा. माणसाला सोसेल इतकं, समजा ३ जी, म्हणजे गुरुत्वाकर्षणाच्या तिप्पट धरलंत आणि वेग तोच सेकंदाला ११ किलोमीटर, तर त्या कॉइलच्या तोफेची नळी किती लांब लागेल ते काढून बघा. २,००० किलोमीटरच्या पुढे जाते.