तुम्ही विचारलंत म्हणून: ही गेमची वही कशासाठी

"खेळायला वेळ मिळत नाही म्हणतेस, मग एवढ्या गेमची नोंद ठेवून करतेस काय?"

हा प्रश्न मला ऑफिसात विचारतात, लग्नाच्या पंगतीत विचारतात, माझ्याकडून सीडी नेणारी शेजारची मुलंही विचारतात. त्याच्या जोडीला आणखी एक येतो, "हे सगळं नवऱ्याचं का?" त्याचं उत्तर एका शब्दात होतं: नाही. पहिल्याचं तसं होत नाही. आजवर "आवड आहे" म्हणून मी वेळ मारून नेली. परवा मावसबहिणीने वही चाळली आणि म्हणाली, "किराणाच्या यादीसारखं आहे गं हे." तिला लागेल असं बोलायचं नव्हतं. पण मला रात्री झोप लागली नाही, म्हणून हे लिहिते आहे.

वहीत आज २१४ ओळी आहेत. सोनीच्या प्लेस्टेशनची पीएस टू, पीएसपी, पीएस थ्री, पीएस फोर आणि निन्टेंडोचं स्विच, अशी गेम खेळायची पाच यंत्रं. प्रत्येक गेमपुढे रकाने: सीडी की डाउनलोड, कंपनीच्या ऑनलाइन दुकानातल्या कुठल्या खात्यावर, ते खातं कुठल्या देशाचं, सीडीवरचा कोड, सध्या कोणाकडे आहे, आणि शेवटी सेव्ह, म्हणजे गेम जिथवर खेळून झाला त्याची साठवण, कुठे आहे. यातला एकही रकाना मी हौसेने आखलेला नाही. देशाचंच घ्या. भाऊ न्यू जर्सीहून पीएस फोरच्या सीडी आणतो. सीडी इथल्या यंत्रावर बिनतक्रार चालते. पण त्याच गेमचा जास्तीचा भाग मी माझ्या भारतीय खात्यावरून विकत घेतला, तर तो त्या अमेरिकन सीडीला लागला नाही. पैसे गेले, तेव्हा हा रकाना आला. पीएस टूच्या सीडीवर 'एसएलईएस'ने सुरू होणारा कोड असला तर ती युरोपची, 'एसएलयूएस' असला तर अमेरिकेची, हेही तेव्हापासून पाहून लिहू लागले.

"याची ॲप्स आहेत की, बारकोड दाखवला की झालं," असं सांगणारे खूप भेटतात. मी दोन वापरून पाहिली. माझ्या जुन्या सीडींपैकी निम्म्यांवर बारकोडच नाही, कारण त्या अस्सल नाहीत. नकली सीडी चालावी म्हणून चिप बसवलेला पीएस टू आणि पातळ प्लास्टिकच्या पिशवीतली, वर मार्करने नाव लिहिलेली सीडी, हेच आमच्या गल्लीतलं गेमिंग होतं. अस्सल सीडीची किंमत आमच्या घरात उच्चारण्यासारखी नव्हती. त्याचं समर्थन करत नाही. पण त्या मी खेळले आहे, म्हणून त्या वहीत आहेत आणि त्यांच्यापुढे 'नक्कल' असं स्पष्ट लिहिलेलं आहे. आमच्याकडची पहिली अस्सल सीडी 'देसी अड्डा'. २००९ चा, हैदराबादेत बनलेला, पीएस टूवर चक्क कबड्डी खेळता येणारा गेम. बाबांनी स्वतः जाऊन आणली होती.

आता मुद्द्याचं.

२००६ च्या मे महिन्यात मी आणि माझा धाकटा भाऊ 'फायनल फँटसी टेन' खेळायला बसलो. तो सातवीत जाणार होता. पॅड त्याच्या हातात, आणि पडद्यावरचं इंग्रजी मी मराठीत सांगायची. संवाद पुढे सरकायच्या आत सांगून व्हावं लागे, म्हणून मी भरभर बोलायला शिकले. त्या गेममध्ये कुठेही सेव्ह करता येत नाही, वाटेत ठरावीक जागी एक तरंगता गोळा असतो, तिथे पोचावं लागतं. आणि सांगलीत तेव्हा भारनियमन. पेपरात आलेलं वेळापत्रक आम्ही टीव्हीशेजारी चिकटवलं होतं. सकाळी अकराला वीज जाणार असेल तर पावणेअकराला गोळा गाठलाच पाहिजे. किती वेळा नाही गाठला! मग दोघंही अंधाऱ्या खोलीत काही न बोलता बसून राहायचो, आणि वीज आली की तोच रस्ता पुन्हा. सेव्हवर खेळल्याचा वेळ दिसतो. आमचा ८७ तासांवर थांबला. शेवटची लढाई राहिली होती. शाळा सुरू झाली, मग माझी परीक्षा, मग त्याची दहावी. "सुट्टीत संपवू" असं आम्ही कितीतरी वर्षं म्हणत होतो. २०१६ साली तो अमेरिकेला गेला, तेव्हा स्टेशनवरसुद्धा म्हणाला, "ताई, कार्ड जपून ठेव."

ते कार्ड म्हणजे पीएस टूचं ८ एमबीचं काळं मेमरी कार्ड, सेव्ह त्यावरच राहायचा. आमच्याकडे अशी चार होती. दोन आमची, एक आतेभावाचं राहिलेलं, एक जुन्या बाजारातून आलेलं. एकावरही नाव नव्हतं. कुठलं कोणतं ते मला माहीत होतं, म्हणजे माहीत आहे असं मला वाटत होतं.

ऑगस्ट २०१९ मध्ये पाणी चढायला लागलं. आमचं घर गावभागात. २००५ साली पाणी घरात तीन पायऱ्या आलं होतं, त्या हिशोबाने आम्ही आवरलं. कागदपत्रं, आजीची औषधं, दागिने घेऊन विश्रामबागला काकांकडे गेलो. पीएस फोर मी सोबत घेतला, कारण तो महागाचा होता. पीएस टू, सगळ्या सीडी आणि कार्डांचा डबा खोक्यात घालून माळ्यावर ठेवला. आई म्हणाली होती, "एवढंसं तर आहे, पिशवीत टाक की." मी म्हणाले, माळ्यापर्यंत कसलं येतंय पाणी. सांगलीत कृष्णेची धोक्याची पातळी ४५ फूट. त्या वेळी आयर्विन पुलापाशी ती ५७ फुटांच्या वर गेली. माळा बुडाला.

पाणी उतरल्यावर घरात पाय ठेवला तेव्हाचा वास ज्यांनी घेतला आहे, त्यांना सांगायला नको. गल्लीभर लोकांचे संसार बाहेर काढून ठेवलेले. आणि भांडी. कुणाची परात कुणाच्या अंगणात, कुणाचा डबा गटारीत. शेजारच्या काकू ओट्यावर बसून एकेक भांडं पुसून त्यावरचं नाव मोठ्याने वाचत होत्या. अमक्याच्या लग्नात, तमक्याच्या बारशाला, सौ. अमुक यांजकडून, तारीख, साल. नाव वाचलं की ज्याचं त्याला परत जात होतं. माझ्या आजीचं एक तांब्याचं घंगाळ चार घरं पलीकडून आलं, नावावरून.

मी आमच्या खोक्यापाशी उभी होते. मार्करने लिहिलेली नावं धुऊन गेली होती, चिखलात बरबटलेल्या सगळ्या सीडी सारख्याच दिसत होत्या. कार्डांचा डबा उघडला, आतून गाळ निघाला. चार काळी कार्डं. कुठलं कोणाचं काही कळेना. पालिकेची कचऱ्याची गाडी गल्लीच्या तोंडाशी होती, मागून बाबा "लवकर कर" म्हणत होते, चार दिवसांची झोप नव्हती. मी डबा तसाच ढिगावर टाकला.

हे मी आजवर कुणाला नीट सांगितलेलं नाही. भावाला "पुरात गेलं" एवढंच सांगितलं. ते खोटं नाही, पण पूर्ण खरंही नाही. पुराने ते भिजवलं, टाकलं मी. दोन महिन्यांनी रिपेअरिंगच्या दुकानात पीएस टूची चौकशी करायला गेले, तर तिथला मुलगा म्हणाला, "मॅडम, कार्डं टाकायची नाहीत. वीज न लावता उघडायची, अल्कोहोलने पुसायची, वाळवायची. बरीचशी चालतात." सीडी तर नुसत्या पाण्याने धुतल्या तरी चालल्या असत्या. मी दुकानातून बाहेर आले आणि गाडी सुरू करायला मला बराच वेळ लागला.

त्याच रात्री पहिली ओळ लिहिली. तेव्हा आठवून आठवून ६३ नावं झाली, नुसती नावं. तेव्हाच्या मला वाटत होतं, नाव लिहिलं की ती गोष्ट राहते. आज तिच्याशी माझं पटत नाही. 'फायनल फँटसी टेन' हे नाव काही हरवलेलं नव्हतं. तो गेम नव्या रूपात पीएस फोरवर मिळतो, स्विचवर मिळतो, मी तो घेतलाही आहे. पण पीएस टूचा सेव्ह त्यात येत नाही, आणि ८७ तास दुकानात मिळत नाहीत. म्हणून 'सेव्ह कुठे आहे' हा रकाना सगळ्यात महत्त्वाचा. पीएस फोरचा सेव्ह पेनड्राइव्हवर घेता येतो. स्विचचा सेव्ह मेमरी कार्डावर जात नाही, तो यंत्रात राहतो, आणि वर्गणी भरली तर क्लाउडवर, तोही सगळ्या गेमचा नाही. हे ज्याला माहीत नाही तो यंत्र विकताना सेव्हही विकून बसतो. मी तिघांना वेळेवर थांबवलं आहे, वहीमुळे.

मार्च २०२१ मध्ये सोनीने पीएस थ्री, व्हीटा (पीएसपीनंतरचं हातात धरायचं यंत्र) आणि पीएसपीची ऑनलाइन दुकानं बंद करणार असं जाहीर केलं, तेव्हा मी तीन रात्री बसून घेतलेल्या प्रत्येक डाउनलोडची नोंद केली. १९ एप्रिलला त्यांनी पीएस थ्री आणि व्हीटापुरता निर्णय मागे घेतला. "बघ, उगाच घाबरलीस," असं तेव्हाही ऐकावं लागलं. पण निन्टेंडोने २०२३ च्या मार्चमध्ये थ्रीडीएस आणि वी यू या आपल्या यंत्रांचं दुकान बंद केलंच, मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स ३६० चं २०२४ च्या जुलैमध्ये गेलं. मी उगाच घाबरले नव्हते.

काही गोष्टी अजून ठरत नाहीत, तेही सांगते. वर्गणीतले गेम माझे म्हणायचे का? वर्गणी थांबली की ते उघडत नाहीत. मी ते वेगळ्या पानावर लिहिले, मग ते पान काढलं, मग पुन्हा लावलं. खेळून झालेल्या गेमवर टिक करायची का? पूर्वी करायची, आता थांबवलं आहे, कारण टिक नसलेल्या ओळी रात्री डोळ्यांपुढे येतात. आणि हो, नोंदी करण्यात जाणाऱ्या वेळात खेळून होईल, हे तुमचं म्हणणं बरोबर आहे. गेल्या वर्षी मी चार गेम पूर्ण केले. नोंदी एकतीस झाल्या. याला माझ्याकडे उत्तर नाही.

वहीत ४१ व्या ओळीवर लिहिलं आहे: मेमरी कार्ड, ८ एमबी, काळं. 'कोणाकडे' हा रकाना रिकामा आहे. मागच्या महिन्यात व्हिडिओ कॉलवर भावाला वही दाखवत होते, त्याची नजर तिथे गेली. म्हणाला, "ताई, नाहीये ते लिहून काय उपयोग? काढून टाक. मी दिवाळीत येतोय, पहिल्यापासून सुरू करू. तू परत मराठीत सांग." त्याला आता मराठीत सांगायची गरज नाही, ते त्यालाही ठाऊक आहे. मी हो म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही. कार्ड मी स्वतः टाकलं हे त्याला अजून सांगायचं आहे, ते आधी सांगावं लागेल.