कसारा घाट बघायचा तर मुंबईहून येताना

मुंबईला जाताना आपण नाशिककर खिडकीतून धबधबे बघतो आणि घाट झाला म्हणतो. पण या घाटातलं खरं काम चढावर दिसतं. त्यासाठी कल्याणहून दिवसाउजेडी नाशिकला येणारी गाडी धरा आणि जागा शेवटच्या डब्यांत घ्या. 'वंदे भारत' नको, तिला मागून इंजिन लागतच नाही.

घाटाच्या पायथ्याशी, कसाऱ्याला, गाडीच्या मागे बँकर म्हणजे ढकलणारी इंजिनं जोडतात. सगळी ओढ पुढूनच लावली तर पुढच्या कपलिंगवर, म्हणजे डबे जोडणाऱ्या सांगडीवर, फार ताण येतो. मागून रेटा मिळाला की तो विभागला जातो, आणि कपलिंग तुटलंच तर मागचे डबे उताराला लागत नाहीत. घाटमाथ्यावर, इगतपुरीला, बँकर सुटतात. कसाऱ्याचा हा थांबा बऱ्याच गाड्यांना फक्त या कामापुरता असतो, तिकिटावर तो मिळत नाही. म्हणून कल्याणलाच बसायचं.

चढ 37 ला 1, म्हणजे 37 मीटर पुढे गेलं की 1 मीटर वर. एलएचबी म्हणजे नव्या पद्धतीचा डबा साधारण साडेतेवीस मीटरचा, म्हणजे चढावर त्याचं एक टोक दुसऱ्यापेक्षा 60 सेंटिमीटरहून जास्त उंच असतं. अर्धी भरलेली लिटरची बाटली रुळांच्या दिशेने आडवी धरा. सरळ रुळावर गाडी एका वेगात असताना दोन टोकांच्या पाण्यात अर्ध्या सेंटिमीटरहून जास्त फरक दिसतो.

हा मार्ग जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला) रेल्वेने 1865 साली सुरू केला. आखणी मुख्य अभियंता जेम्स बर्कली यांची. काम पुरं व्हायच्या आधीच, 1862 मध्ये ते गेले. तेव्हा घाटात एके ठिकाणी गाडी उलट दिशेने काढावी लागे. 1930 मध्ये इगतपुरीपर्यंत वीज आली, आणि मालगाड्या ओढायला जी लांब नाकाची स्विस आराखड्याची इंजिनं आली त्यांना रेल्वेची माणसं 'खेकडा' म्हणत.

मुंबईकडे जाताना घाट उतरताना लक्ष ठेवायचं ते कॅच सायडिंगवर. मुख्य रुळापासून फुटून चढावर संपणारा हा फाटा असतो आणि सांधा (रूळ बदलायची जागा) एरवी त्याच्याच बाजूने लावलेला असतो. गाडी तिथे थांबली, म्हणजे ब्रेक धरतायत हे कळलं, की मगच पुढचा रस्ता मिळतो. ब्रेक न धरलेली गाडी फाट्यात जाऊन चढावर थांबते. घाटात गाडी विनाकारण थांबली असं वाटतं, त्यामागे बरेचदा हेच असतं.

जुलै-ऑगस्टमध्ये धुक्यात एहेगावचा उंच पूलसुद्धा दिसत नाही, शिवाय दरडीने गाड्या रखडतात. सप्टेंबरचा शेवट उत्तम.