अठराशे रुपये देऊन नारळ खवला

पोरीला कॉलेजला सोडायला नागपूरहून पुण्याला आलो. चार दिवस होतो, त्यातले तीन गादी, बादली, झेरॉक्स आणि फीच्या रांगेत गेले, त्याचं काय लिहायचं. चौथा दिवस रविवार, गणपती तीन दिवसांवर, माझी गाडी संध्याकाळची, आणि हा माणूस सकाळी सातपासून हॉस्टेलच्या गेटवर येऊन उभा राहणार अशी माझ्या पोरीची पक्की खात्री. म्हणून तिनं आदल्या रात्री परस्पर माझं नाव एका मोदकांच्या क्लासला घालून टाकलं. "बाबा, तू दिवसभर माझ्या मागेमागे फिरून राहिला ना, पोरी हसून राहिल्या मला." सदाशिव पेठेत एका काकूंच्या घरी, सहा जण, चार तास, जेवणासकट अठराशे रुपये. भरले तिनंच, पण माझ्या कार्डावरून.

साडेआठला मंडईत टिळक पुतळ्यापाशी भेटायचं होतं. शिवाजीनगरहून मेट्रो पकडली, तिसरं स्टेशन मंडई. हा भुयारी टप्पा २०२४ मध्ये सुरू झालाय, गाडी चक्क मुठा नदीच्या खालून जाते, कळत काहीच नाही, उगाच वर बघत बसलो. मी पोचलो तेव्हा साडेआठला तीन मिनिटं कमी होती आणि काकू आधीच उभ्या, साठीच्या आसपास, कॉटनची साडी, पायात स्पोर्ट्स शूज, हातात दोन कापडी पिशव्या. म्हणाल्या, "नागपूरकर ना? बरं झालं वेळेवर आलात, मुंबईचे उशिरा येणार आहेत, त्यांनी कळवलंय." म्हणजे उशीर चालतो पण कळवून करायचा.

मंडईची ती जुनी दगडी इमारत १८८६ सालची, वरती अष्टकोनी मनोरा, फोटो काढण्यासारखी आहे. पण काकू आत गेल्याच नाहीत. बाहेर रस्त्यावर बसलेल्या एका बाईकडे गेल्या, सात-आठ नारळ कानाशी हलवले, डोळ्यांजवळ बोट फिरवून ओलं लागतंय का बघितलं आणि त्यातले चार घेतले. मग हळदीच्या पानांची जुडी, केळीची पानं, अळू. चारी बाजूंनी मांडव, लाइटिंगच्या वायरी, माणसांचा पूर. नागपूरच्या माणसाला पुण्याच्या पेठांतल्या गर्दीत श्वास घ्यायला जागा लागते आणि ती मिळत नाही, एवढंच बोलतो.

काकूंचं घर वाडा पाडून बांधलेल्या बिल्डिंगमध्ये तिसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नाही. हॉलमध्ये झोपाळा, झोपाळ्यावर पेपर वाचणारे आजोबा, काकूंचे सासरे, नव्वदीला टेकलेले. त्यांनी चष्म्यावरून आम्हा सहांना मोजलं आणि परत पेपरात गेले. आम्ही सहा म्हणजे मी, बंगळूरला आयटीत असणारं एक मराठी जोडपं, साताऱ्याहून आलेल्या दोघी बहिणी, आणि मुंबईची एक पोरगी जिच्या हाताला मोबाईल फेविकॉलनं चिकटवला होता.

आता मला वाटलं होतं की काकू करून दाखवतील, आपण वहीत लिहू, मग एकेक मोदक वळू, जेवू, निघू. तर काकूंनी सगळ्यांकडे बघितलं, "नागपूरकर, तुमचा हात भक्कम दिसतोय" म्हणाल्या आणि माझ्यासमोर विळी ठेवली. खाली पाट, पुढं परात, बाजूला चार फोडलेले नारळ, म्हणजे आठ वाट्या. बाकीच्यांना गूळ चिरणे, वेलदोडे सोलणे, खसखस भाजणे असली पंख्याखालची कामं. मी जमिनीवर मांडी घालून विळीच्या खवणीवर नारळ फिरवत बसलो. चाळीस मिनिटं. पाय मेला, अंगठा सोलला, आणि डोक्यात एकच हिशोब, अठराशे भागिले आठ वाट्या, म्हणजे सव्वादोनशे रुपये वाटी, आणि खवतोय मीच! मिक्सर का नाही विचारलं, तर म्हणाल्या, "मिक्सरमध्ये चुरा होतो, लांब कीस येत नाही. आणि गरम होऊन तेल सुटतं ते वेगळंच."

बरं खवताना मी जोशात एकेक वाटी पार करवंटीपर्यंत खरवडत होतो, आपल्याला वाया घालवायची सवय नाही. चार वाट्या झाल्यावर काकू आल्या, परातीत वाकून बघितलं, काहीच बोलल्या नाहीत. फक्त वरवरचा पांढरा कीस अलगद एका पातेल्यात काढला, खालचा तांबूस एका वाटीत बाजूला ठेवला, आणि माझ्या हातातली वाटी घेऊन पाचवी वाटी कशी खवायची ते दाखवलं. खवणीच्या दात्यांवर वाटी दाबायची नाही, कडेकडेनं नुसती फिरवायची, तपकिरी दिसायला लागलं की थांबायचं. करवंटीलगतचा भाग सारणात गेला की सारण मळकट दिसतं. "तो चटणीत जाईल," म्हणाल्या, "वाया काही जात नाही." रागावल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

सारणाचं प्रमाण लक्षात राहिलं: दोन वाट्या खोबऱ्याला एक वाटी गूळ, वरून खसखस, वेलदोडा, किंचित जायफळ. फार आटवलं की गार झाल्यावर खडा होतो, कमी आटवलं की पाणी सुटून मोदक फुटतो. आणि पार गार झाल्याशिवाय पारीत भरायचं नाही. पीठ आंबेमोहोरचं, काकूंनी तांदूळ धुऊन, सावलीत कापडावर वाळवून गिरणीतून आणलेलं. पिठीचा डबा उघडून माझ्या नाकाशी धरला, खरोखरच आंब्याच्या मोहोरासारखा वास येतो, मी इतकी वर्षं नुसतं नाव समजत होतो. मुळशी-मावळकडचा हा तांदूळ, पण दुकानात ह्या नावानं मिळतो तो सगळाच खरा नसतो अशी त्यांची तक्रार. बंगळूरवाल्यानं इंद्रायणी चालेल का विचारलं, तर इंद्रायणी म्हणजे वडगाव मावळच्या केंद्रात आंबेमोहोर आणि आयआर-८ ह्यांच्या संकरातून झालेली जात हे सगळं सांगून शेवटी म्हणाल्या, "भाताला उत्तम."

उकड काढताना मात्र मजा झाली. वाटीभर पाणी, चिमूट मीठ, चमचाभर लोणी, उकळी, त्यात वाटीभर पिठी, लाटण्याच्या टोकानं ढवळायचं, झाकण, दोन वाफा. मग ती परातीत काढून गरम असतानाच मळायची, हाताला सोसत नाही म्हणून आधी तांब्याच्या बुडानं रगडायची आणि मग तेल-पाण्याचा हात लावून. नेमकी तेव्हाच मुंबईची पोरगी म्हणाली, "काकू, एक मिनिट, वाफ नीट दिसत नाहीये, परत ओताल?" काकूंनी तिचा मोबाईल घेतला, शेल्फवरच्या रिकाम्या साखरेच्या डब्यात ठेवला, झाकण लावलं. "उकड थांबत नाही हं." गार झाली की पारीला चिरा पडतात, ते नंतर आम्हाला प्रत्यक्ष बघायला मिळालं, कारण ह्या प्रकरणात दुसरा घाणा झाकायचा राहून गेलाच.

कळ्यांचं काय सांगू. काकूंची पारी पुरीएवढी, मध्ये जाड, कडेला पातळ, अंगठा आणि दोन बोटं, चिमटा चिमटा चिमटा, वाटी मिटत येते आणि वर टोक. अकरा कळ्या, बोलता बोलता. साताऱ्याच्या धाकट्या बहिणीनं पहिल्याच फटक्यात नऊ काढल्या आणि माझ्याकडे असं बघितलं की जणू मी तिच्या वर्गातला ढ मुलगा. माझ्या पहिल्या मोदकाला पाच कळ्या आल्या, त्यातल्या दोन काकूंच्या. दुसरा समोश्यासारखा. तिसऱ्यात मी सारण जरा दिलदारपणे भरलं, आमच्याकडे पुरणपोळीत पुरण कसं ठासून भरतात, पोळी नावाला, वर तुपाची वाटी, ती सवय. काकू म्हणाल्या, "अहो, मोदक आहे, पोतं नाही."

मोदकपात्रात हळदीची पानं अंथरून, प्रत्येक मोदकाचं बूड गार पाण्यात बुडवून आत ठेवले. बारा-तेरा मिनिटं. झाकण काढलं आणि हळदीच्या पानाचा जो वास आला तो मला लिहिता येत नाही, सोडून देतो. काकूंचे शहाण्या मुलांसारखे बसलेले. माझे चारपैकी तीन फुटलेले, गूळ ओघळून पानावर आलेला. सगळे हसले, मी पण हसलो, पण खरं सांगतो, वाईट वाटलं. पन्नाशीच्या माणसाला मोदक फुटल्याचं वाईट वाटावं हे विचित्र आहे, पण त्या चार दिवसांत मला बादलीचं हँडल तुटल्याचंही वाईट वाटलं होतं.

काकूंनी देवापुढं नैवेद्य ठेवला, पानं मांडली. अळूचं फदफदं, मसालेभात, चटणी (माझ्या तांबूस खोबऱ्याची, सर्वांत चविष्ट तीच झाली, नोंद घ्यावी). अळूत गूळ होता. भाजीत गूळ का घालतात ह्यावर मी पुण्यात कुठंच वाद घालत नाही, पण अळू खाजू नये म्हणून चिंच आणि चिंचेला तोल म्हणून गूळ, हे कारण तरी पटलं. तेवढ्यात झोपाळ्याची करकर थांबली, आजोबा भिंत धरत धरत आले, पाटावर नाही, खुर्चीवर बसले, आणि मोदकांच्या ताटावर नजर फिरवून म्हणाले, "फुटलेले मला."

मला वाटलं माझी समजूत काढतायत. नाही. माणसानं सरळ हळदीचं पान ओढलं आणि पानावर ओघळून घट्ट झालेला गूळ बोटानं निपटून खायला लागला. काकू म्हणाल्या, "दर वर्षी ह्यांच्यासाठी दोन मुद्दाम फोडते. आज तुम्ही ते काम केलंत." तिसऱ्या फुटक्यावर आजोबांचा आणि माझा हात एकदमच गेला. मी मागे घेतला.

जेवताना काकूंनी पोरीचं विचारलं. कुठलं हॉस्टेल, मेस कशी, रूममध्ये किती जणी, रडली का. मी म्हटलं ती नाही रडली. त्या "बरं" म्हणाल्या आणि वाढत राहिल्या. उरलेल्या उकडीत मिरची, जिरं, कोथिंबीर घालून चपट्या निवगऱ्या थापल्या होत्या, त्या वाफवल्या. निघताना एक स्टीलचा डबा पुढं केला, खाली सहा निवगऱ्या, वर चार मोदक, काकूंचे, अकरा कळ्यांचे. डब्यावर त्यांच्या सासूबाईंचं नाव आणि १९७८ साल टोचलेलं. "मुलीला द्या. आणि डबा परत हवा हं मला, सेटमधला आहे. आठ दिवसांत. पत्ता तिला पाठवून ठेवा."

खरं सांगू, खाली उतरता उतरता मी मनात म्हटलं, घ्या, अठराशे घेतले आणि स्टीलचा डबा सोडवत नाही, हेच ते पुणं. रिक्षात बसल्यावर कर्वे रोडला ट्रॅफिकमध्ये अडकलो आणि डबा मांडीवर गरम लागत होता, तेव्हा कुठं माझ्या डोक्यात प्रकाश पडला.

हॉस्टेलला पुरुषांना गेटच्या आत सोडत नाहीत. ती खाली आली, केस ओले, उभ्या उभ्या एक मोदक खाल्ला. "हा तू केला?" हो म्हटलं. तिनं कळ्या मोजल्या, माझ्याकडे बघितलं, काही बोलली नाही. मग, "बाबा, गाडी चुकेल तुझी."

रविवारी रात्री तिचा फोन. उद्या पेठेत जाऊन राहिली म्हणे, डबा द्यायला, तिघी मैत्रिणी मिळून जाणार, काकूंनी फोनवर जेवूनच जा सांगितलंय. "पण बाबा, रिकामा कसा देऊ? काय घालू त्यात?"

मी म्हटलं, एक दिवस थांब, मंगळवारी जा. सकाळीच उठून संत्राबर्फी कुरियरला टाकली. बर्फीपेक्षा कुरियर महाग पडलं.