कोणाकडे शिकते?

सतरा वर्षांच्या मुलीचा पहिला अल्बम आला, असं पुण्यात कुणालाही सांगा, पुढचा प्रश्न ठरलेला असतो. ‘कोणाकडे शिकते?’ गाणं कसं आहे, हा विषय फार नंतर निघतो. आधी गुरू, मग घराणं, मग गाण्याच्या परीक्षांपैकी मध्यमा झाली का, विशारदला कधी बसणार. हे सगळं समाधानकारक निघालं तर, ‘बरं, लाव बघू.’ सवाई गंधर्व महोत्सवात तिशीतल्या गायकाला दुपारचं सत्र मिळालं तरी चहाच्या रांगेत ‘अजून लहान आहे, पिकायला हवा’ म्हणणारी माणसं आपण. सतरा म्हणजे आपल्या हिशेबाने षड्ज लावायचं वय.

आमच्या लेकीने मात्र मला हा प्रश्न विचारायची संधीच दिली नाही. अकरावीत आहे, ‘आई, तुला कळणार नाही’ हे पालुपद आहे. गेले कित्येक दिवस तिच्या कानात एकच अल्बम चालू होता. बिली आयलिश या अमेरिकन मुलीचा, ‘व्हेन वी ऑल फॉल अस्लीप, व्हेअर डू वी गो?’. आपण सगळे झोपल्यावर जातो कुठे? आमच्याकडे याचं उत्तर सोपं आहे, कुणीच झोपत नाही, सगळे मोबाईल बघतात. तर हा अल्बम मार्च २०१९मध्ये आला तेव्हा बिली सतरा वर्षांची होती. चौदा ट्रॅक, सगळं मिळून पाऊण तासाच्या आत. पुढच्या जानेवारीत याच अल्बमच्या जोरावर तिने ग्रॅमी या अमेरिकेतल्या संगीत पुरस्कारांतले चारही मुख्य पुरस्कार एका रात्रीत उचलले, आणि तेव्हा कुठे तिला अठरा पूर्ण होऊन महिना-सव्वा महिना झाला होता. एकट्याच्या नावावरचा अल्बम ग्रॅमीत वर्षाचा सर्वोत्तम ठरलेल्यांत इतकं लहान तोवर कुणी नव्हतं.

पुरस्कारांचं मला फारसं कौतुक नाही. माझे कान टवकारले ते लेकीच्या दुसऱ्या वाक्याने. ‘आई, हा सगळा त्यांनी घरी केलाय. भावाच्या बेडरूममध्ये.’

लॉस एंजेलिसच्या हायलँड पार्क भागातलं लहानसं घर. त्यात थोरल्या भावाची, फिनियसची खोली. पलंग, कीबोर्ड, संगणक, दोन बऱ्यापैकी स्पीकर आणि एक चांगला माईक. बहीण पलंगावर बसून गाणार, भाऊ खुर्चीत बसून ते जोडणार. दोघंही शाळेत गेले नाहीत, घरीच शिकले. आई मुलांना गाणी कशी रचायची ते शिकवायची. त्याआधी २०१५मध्ये बिलीच्या नृत्यशिक्षकांना नाच बसवायला एक गाणं हवं होतं, म्हणून भावाने स्वतःच्या बँडसाठी लिहिलेलं गाणं तिच्याकडून गाऊन घेतलं आणि इंटरनेटवर टाकलं. तिला चौदा पूर्ण व्हायला महिनाभर होता. तिथून चाक फिरलं.

मला लगेच माझ्या कॉलेजचे दिवस आठवले. जानेवारी १९९९मध्ये ब्रिटनी स्पीयर्सचा पहिला अल्बम आला होता. तीही सतरा वर्षांचीच. डेक्कनवरून आणलेली ती कॅसेट मी आणि माझ्या मैत्रिणीने इतकी घासली की एका बाजूचा आवाज पाण्याखालून आल्यासारखा येऊ लागला. पण त्या अल्बमचा कारभार निराळा होता. काही गाणी स्टॉकहोमच्या चेरॉन नावाच्या स्टुडिओत झाली, बाकीची बरीचशी न्यू जर्सीत. गाणी लिहिणारी, चाली बांधणारी, कुठला शब्द कुठे आपटायचा हे ठरवणारी सगळी मोठी माणसं, आपापल्या कामात वाकबगार. मुलीने यायचं, गायचं, जायचं. गाणी चोख होती, अजूनही वाजली तर माझा पाय हलतो. पण त्या पोरीच्या घरी भांडी कुठे वाजत होती, हे त्या गाण्यांतून कधी कळायचं नाही.

वीस वर्षांनी आलेल्या बिलीच्या या अल्बममध्ये ते कळतं, अक्षरशः. अल्बम सुरू होतो तो सुरावर नाही. दात सरळ करण्यासाठी हल्ली ते पारदर्शक साचे लावतात ना, ते तोंडातून काढल्याचा ओला चोखल्यासारखा आवाज येतो. मग बिली सांगते की साचे काढलेत, हा अल्बम आहे, आणि बहीण-भाऊ खिदळतात. चौदा सेकंदांत मंगलाचरण संपतं. माझ्या आईने हे ऐकलं असतं तर म्हणाली असती, ‘शी! आधी चूळ भरा.’

पुढे एका भयाण गाण्यात दाताच्या डॉक्टरांच्या ड्रिलचा आवाज आहे. बिली स्वतः खुर्चीत आ वासून पडली असताना तो टिपलेला आहे. त्याच गाण्यात स्टेपल मारायच्या बंदुकीचा ठोका आहे. आणि ‘बॅड गाय’ हे जे गाणं जगभर वाजलं, त्यात सिडनीच्या रस्त्यावरचा सिग्नल आहे. तिथे रस्ता ओलांडणाऱ्यांसाठी, विशेषतः ज्यांना दिसत नाही त्यांच्यासाठी, खांबावरून टकटक वाजते आणि हिरवा लागला की ती धावू लागते. हिने ती फोनवर टिपली आणि भावाने तालात बसवली. आपल्याकडे कर्वे रस्ता ओलांडताना असा काही आवाज असता तरी तो हॉर्नमधून ऐकू आला नसता, पण ते जाऊ दे.

मी बराच वेळ विचार करत होते की यात मला नेमकं काय भावलं. सगळी गाणी तर मुळीच आवडली नाहीत. दोन-तीन सरळ कंटाळवाणी आहेत, आणि सतत कानात कुजबुजणाऱ्या माणसाचा जसा राग येतो तसा मधूनमधून येतो. पण एक आहे. गाणं म्हणजे काय आणि गोंगाट म्हणजे काय, याची कुंपणं या दोघांना कुणी आखून दिली नव्हती. आणि ती आखून घेण्याआधीच अल्बम झाला. पंचविशीत हेच कुणी केलं असतं तर प्रयोग वाटला असता, पस्तिशीत केलं असतं तर त्यावर परिसंवाद झाला असता.

आपल्याकडेही लहान वयात गाणारे कमी नव्हते. पोरवयातल्या नारायण राजहंसाचं गाणं ऐकून लोकमान्यांनी त्याला ‘बालगंधर्व’ म्हटलं, ही कथा तर पुण्याच्या पाठ्यपुस्तकात असल्यासारखी सगळ्यांना पाठ. लता मंगेशकरांचं चित्रपटासाठी म्हटलेलं पहिलं गाणं १९४२च्या ‘किती हसाल’ या मराठी चित्रपटासाठी होतं. ते चित्रपटात आलंच नाही, कापलं गेलं. त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये मास्टर दीनानाथ इथे पुण्यात गेले आणि वयाच्या तेराव्या वर्षी त्या पोरीवर घर येऊन पडलं. पण ही सगळी मुलं मोठ्यांसारखं गायची, आणि तेवढ्यासाठीच त्यांचं कौतुक व्हायचं. ‘काय हो, डोळे मिटले तर वाटतं कुणी पोक्त गवई गातोय!’ ही आपल्याकडची सर्वोच्च दाद. सतरा वर्षांच्या मुलीने सतरा वर्षांच्या मुलीसारखंच गावं, यात आपल्याला काही विशेष वाटत आलेलं नाही.

लेकीवर या सगळ्याचा झालेला परिणाम माझ्या कपाटात दिसू लागला. एका दुपारी साडी काढायला दार उघडलं तर आत फोन. हँगरला कपड्याच्या चिमट्याने लटकवलेला, खाली जाड सोलापुरी चादर, आणि माझ्या दोन पैठण्या दोन बाजूंना पडद्यासारख्या ओढलेल्या. रेशमाने आवाज घुमत नाही म्हणे. एप्रिलच्या उकाड्यात पंखा बंद करून ही बया कपाटात डोकं खुपसून गात होती. घामाने निथळत. मी पैठणीला घाम लागेल म्हणून ओरडले, त्या टेकमध्ये तेही आलं, आणि तिने ते ठेवलं.

मग तिने आवाज गोळा करायचा सपाटा लावला. आमची डहाणूकर कॉलनीतली इमारत जुनी, लिफ्ट मागाहून बसवलेली, जाळीच्या दाराची. दार नीट लागलं नाही की आतली बाई शुद्ध हिंदीत विनवू लागते, ‘कृपया दरवाजा बंद करें’, आणि मध्ये एक किनरी धून. दुसऱ्या मजल्यावर कुणी दार उघडं टाकून गेलं की आख्खी इमारत ते ऐकते आणि प्रत्येक मजल्यावरून ‘लिफ्टऽऽ!’ अशी आरोळी उठते. गेली कित्येक वर्षं मी या बाईचा गळा दाबायचं स्वप्न बघतेय. लेकीने तिला हळू केलं, खालच्या पट्टीत नेलं, आणि तिच्यावर गाणं रचलं. आता ती ‘दरवाजा’ म्हणते तेव्हा पोटात काहीतरी हलतं. मला मान्य करणं जड जातंय, पण चांगलं झालंय.

आमच्या वरच्या मजल्यावरच्या काकू चाळीस-एक वर्षं गाणं शिकवताहेत. त्यांच्याकडे कडबोळी घेऊन गेले तेव्हा विषय निघाला. ‘सतरा वर्षांची? कोणाकडे शिकते?’ आलाच प्रश्न.

‘भावाकडे म्हणायचं, आजी,’ लेक म्हणाली. ‘तोच सगळं करतो.’

‘सख्खा?’

‘सख्खा.’

‘मग ठीक आहे,’ काकू म्हणाल्या. काय ठीक, ते मला अजून उमगलेलं नाही. पण बिली आठव्या वर्षापासून मुलांच्या वृंदगायनात गात होती, हे लेकीने पुढे जोडल्यावर त्यांचा चेहरा निवळला आणि त्यांनी हेडफोन मागितला. चष्मा काढून पदरात ठेवला, हेडफोन कानांवर चढवला, डोळे मिटले. लेकीने ‘व्हेन द पार्टीज ओव्हर’ लावलं. त्यात बिलीचाच आवाज एकावर एक इतके थर देऊन रचलाय की ऐकताना देवळात समूह गातोय असं वाटतं. काकूंची मान आधी हलत नव्हती. मग एका जागी त्यांनी हात वर केला, आपल्या शिष्येला थांबवतात तसा.

‘श्वास ऐकू येतोय हिचा.’

‘मुद्दाम ठेवलाय, आजी.’

‘आम्हाला श्वास चोरायला शिकवला. श्रोत्याला तो कळता कामा नये. माझ्या गुरुजींनी त्यासाठी दोन वर्षं खर्ची घातली.’ मग थोडं थांबून, ‘आवाज दाबून गाते. पण सूर कुठे सोडत नाही हं. पुन्हा लाव.’

पुन्हा लावलं. तिसऱ्यांदाही लावलं. पूर्वी नाटकवाल्यांना पिटातल्या शेवटच्या माणसापर्यंत आवाज पोचवावा लागायचा, त्यामुळे असं हळू गाणं कुणी धजावलंच नसतं, हे माईकचं देणं आहे, असं काहीसं त्या आम्हाला समजावू लागल्या. मी मान डोलावली. लेकीचं लक्षच नव्हतं. ती कोपऱ्यातल्या मिरजेच्या तानपुऱ्याकडे बघत होती. तिने काकूंना तो लावून दाखवायला सांगितलं.

काकू खूश. इतक्या वर्षांत हिने आपणहून गाण्यातलं काही मागितलं नव्हतं. त्यांनी गवसणी काढली, मांडीवर भोपळा घेतला आणि खुंट्या पिळायला सुरुवात केली. तार आधी कुरकुरते, मग सुराच्या खाली लोंबकळते, मग एकदम पुढे निसटते. काकू मणी तीळभर सरकवतात, जवारीतला दोरा बोटाने पुढे घेतात, पुन्हा छेडतात, पुन्हा ‘छे’ करतात. लेकीने गुपचूप फोन काढून समोर धरला.

‘अगं, आत्ता नको!’ काकूंनी तारेवर हात ठेवला. ‘लागू दे आधी. लागला की कर रेकॉर्ड.’

‘लागलेला नकोय मला, आजी. तसला ॲपमध्ये मिळतो. मला हाच हवाय, लागताना.’

‘बेसूर तानपुरा माझ्या घरून बाहेर जाणार? लोक काय म्हणतील?’

‘तुमचं नाव नाही टाकत.’

‘नाव टाकलं नाही तरी मला माहीत असेल ना!’

अजून त्यांचं जुळलेलं नाही. काकूंनी मंगळवारी साडेपाचला बोलावलंय, फोन खाली ठेवून यायच्या अटीवर. लेक जाणार आहे म्हणते. फोन खाली ठेवेल याची मी खात्री देत नाही.