६५६.२६ आलं, तरी उत्तर चुकलेलंच आहे

हायड्रोजनच्या नळीत दिसणारी लाल रेघ हवेत ६५६.२८ नॅनोमीटरवर असते. अणूतल्या इलेक्ट्रॉनच्या ऊर्जा देणारं श्रोडिंगरचं समीकरण मॅट्रिक्समध्ये (आकड्यांच्या चौकटीत) बसवून हा आकडा साध्या लॅपटॉपवर काढता येतो, आणि वर्णपट हा विषय शिकायला याहून चांगला व्यायाम मला माहीत नाही. त्यासाठी अंतराचे सुटे बिंदू पाडून जाळी करावी लागते. जाळीचं पाऊल (लगतच्या दोन बिंदूंमधलं अंतर) ०.०५ घेतलं तर उत्तर ६५६.२६ येतं. बहुतेक जण इथेच थांबतात. खरं तर या आकड्यात तीन चुका (जाळीची, अचल धरलेल्या केंद्रकाची आणि हवेची) आहेत आणि त्यांनी एकमेकींना जवळजवळ खोडलं आहे.

आधी एकाच शब्दाचे दोन अर्थ जुळवून घेऊ. भौतिकशास्त्रात वर्णपट म्हणजे प्रकाशाच्या रेघा. गणितात ऑपरेटरचा (एका फलनातून दुसरं फलन बनवणाऱ्या क्रियेचा) स्पेक्ट्रम म्हणजे, मॅट्रिक्सच्या भाषेत, त्याच्या आयगेनव्हॅल्यू: ज्या सदिशांची दिशा तो बदलत नाही त्यांना तो किती पट करतो ते आकडे. आपल्या मॅट्रिक्समध्ये त्या अणूच्या ऊर्जापातळ्या असतात. अनंत मितींत त्यांच्या जोडीला सलग भागही येतो. गणितज्ञ हिल्बर्टने १९०६ च्या सुमारास हा शब्द गणितात वापरला तेव्हा अणूंचा विचार त्याच्या मनात नव्हता. वीस वर्षांनी, १९२६ मध्ये, श्रोडिंगरने क्वांटीकरण (ऊर्जेला ठरावीक सुटी मूल्यंच असणं) हा आयगेनव्हॅल्यूचा प्रश्न आहे असं शीर्षकातच लिहिलं आणि दोन्ही अर्थ एकत्र आले. एक फरक मात्र पक्का लक्षात ठेवा: रेघ म्हणजे आयगेनव्हॅल्यू नव्हे, दोन आयगेनव्हॅल्यूंमधला फरक. लाल रेघ ही तिसरी वजा दुसरी.

आता मांडणी. अंतर बोर त्रिज्येत (अणूच्या मापाचं एकक, पुढे नुसतं ‘बोर’) आणि ऊर्जा हार्ट्रीत (ऊर्जेचं तसंच एकक) मोजली की समीकरणातले सगळे स्थिरांक गळून पडतात. त्रिज्येच्या दिशेचं तरंगफल (इलेक्ट्रॉन कुठे सापडू शकतो हे सांगणारं फलन) अंतराने गुणून घ्या, म्हणजे केंद्रावर ते आपोआप शून्य होतं. केंद्रापासून ६० बोरपर्यंतची पेटी घ्या, तिचे ०.०५ चे तुकडे पाडा. दोन्ही टोकं सोडून आत ११९९ बिंदू उरतात. पाऊल ‘ह’ मानलं तर कर्णावरची प्रत्येक नोंद १ ÷ ह² वजा १ ÷ अंतर, आणि कर्णाच्या लगतच्या दोन्ही ओळींत −१ ÷ (२ह²). बाकी सगळीकडे शून्य. कोनीय संवेग ‘ल’ असेल तर कर्णात ल(ल+१) ÷ (२ × अंतर²) मिळवायचं. मॅट्रिक्स त्रिकर्णी आणि सममित आहे, त्यामुळे पूर्ण मॅट्रिक्स साठवायची गरज नाही. पायथन भाषेच्या सायपाय या गणिती संग्रहात अशा मॅट्रिक्ससाठी वेगळं फंक्शन आहे. त्याला कर्ण आणि लगतची ओळ एवढंच द्यायचं आणि सर्वांत खालच्या दहा आयगेनव्हॅल्यू मागायच्या. ३००० बिंदूंची पूर्ण मॅट्रिक्स ७२ मेगाबाइट जागा खाते. या पद्धतीने पन्नासेक किलोबाइटमध्ये काम होतं.

‘न’ हा पातळीचा क्रमांक मानला तर अपेक्षित उत्तर −१ ÷ (२न²), म्हणजे −०.५, −०.१२५, −०.०५५५६ असं पुढे.

सुरुवातीला हमखास होणाऱ्या दोन चुका. पहिली: बिंदू शून्यापासून मोजले की भागाकार फुटतो, मग कुणीतरी शून्याच्या जागी ०.०००००००००१ लिहितो. त्या बिंदूवर कर्णात वजा एक हजार कोटी येतं आणि पहिली आयगेनव्हॅल्यू तीच निघते. पहिला बिंदू शून्यावर नको, एका पावलावर हवा. दुसरी: गतिज ऊर्जेतला निम्मा (१ ÷ २ हा गुणक) विसरणे. तेव्हा पहिली पातळी −०.५ ऐवजी −०.२५ येते. ही चूक तशी देखणी आहे, कारण निम्मा विसरणं म्हणजे वस्तुमान निम्मं करणं, आणि इलेक्ट्रॉन-पॉझिट्रॉनच्या जोडीचं, म्हणजे पॉझिट्रोनियमचं, उत्तर नेमकं तेच आहे.

कार्यक्रम (प्रोग्राम) बरोबर आहे का हे तपासायला माझी आवडती चाचणी अशी: पेटी मुद्दाम फक्त २ बोरची करा. सर्वांत खालची ऊर्जा −०.१२५ च्या अगदी जवळ यायला हवी. मुक्त अणूतल्या २एस अवस्थेचं (‘न’ दोन, ‘ल’ शून्य) तरंगफल नेमकं २ बोरवर शून्य होतं, म्हणून तिथे भिंत उभी केली तरी त्याला काही कळत नाही. हे कागदावर सिद्ध होणारं अचूक उत्तर आहे, त्यामुळे जुळलं नाही तर दोष कार्यक्रमातच शोधायचा.

आता पावलाकडे. सलग समीकरणाऐवजी जाळी घेतली की उत्तर थोडं सरकतं, आणि कूलोम विभवासाठी (म्हणजे विद्युत आकर्षणाच्या ‘वजा १ ÷ अंतर’ या भागासाठी) ते किती सरकतं याचं बंद सूत्रच निघतं. ‘ल’ शून्य असताना, पेटी पुरेशी मोठी असेल तर, जाळीवरची न क्रमांकाची ऊर्जा (१ − √(१ + ह²÷न²)) ÷ ह² एवढी येते. विस्तार केला तर −१÷(२न²) + ह²÷(८न⁴). ०.१ च्या पावलावर पहिली पातळी −०.५ ऐवजी −०.४९८७६ येते. लाल रेघेची तरंगलांबी ०.१ ला ६५६.७०, ०.०५ ला ६५६.२६, ०.०२ ला ६५६.१४ आणि ०.०१ ला ६५६.१२. पाऊल बारीक करू तसा आकडा प्रयोगाच्या ६५६.२८ पासून दूर जातो आणि ६५६.११ कडे स्थिरावतो. ०.०५ वर तो वाटेत प्रयोगाच्या शेजारून गेला, एवढंच.

बारीक पावलाला वेळ घालवायचा नसेल तर ०.१ आणि ०.०५ ची उत्तरं घ्या. चूक पावलाच्या वर्गाने घटते, म्हणून बारीक पावलाच्या उत्तराची चौपट, वजा जाड पावलाचं उत्तर, भागिले ३. ६५६.२६०४ आणि ६५६.७०४३ यांतून ६५६.११२४ मिळतं, अचूक मूल्य ६५६.११२३ आहे. रिचर्डसनची ही युक्ती फक्त तेव्हाच वापरा जेव्हा चूक खरोखर चौपटीने घटते आहे हे तिसऱ्या पावलावर तपासलेलं असेल.

मग ६५६.११ आणि ६५६.२८ यांतला फरक? तो भौतिक आहे. आपण केंद्रक अचल धरलं होतं. प्रोटॉन इलेक्ट्रॉनच्या १८३६.१५ पट जड आहे, पण अनंत जड नाही. सगळ्या ऊर्जांना १८३६.१५ ÷ १८३७.१५ ने गुणा, तरंगलांबी ६५६.४७ होते. ही निर्वातातली. दृश्य प्रकाशाचे जुने तक्ते हवेतले आकडे देतात. हवेचा अपवर्तनांक इथे सुमारे १.०००२७६, त्याने भागलं की ६५६.२९. शेवटच्या अंकातला फरक सापेक्षतावादी सूक्ष्म रचनेचा (सापेक्षतेमुळे पातळ्यांत पडणाऱ्या बारीक फुटीचा), तो या समीकरणात नाहीच. हायड्रोजनच्या निळसर-हिरव्या रेघेलाही (चौथी पातळी वजा दुसरी) हाच क्रम लावा: ४८६.०१, मग ४८६.२७, मग ४८६.१४, मोजलेली ४८६.१३.

नॅनोमीटरच्या पाचव्या हिश्श्यासाठी एवढा आटापिटा का? कारण १९३१ मध्ये युरी, ब्रिकवेड आणि मर्फी यांनी याच लाल रेघेच्या बाजूला, सुमारे ०.१८ नॅनोमीटर अलीकडे, एक फिकट रेघ पकडली. दुप्पट जड केंद्रक थोडं कमी हलतं, म्हणून ड्युटेरियमची, म्हणजे हायड्रोजनच्या जड समस्थानिकाची, रेघ हवेत ६५६.१० वर पडते. ती इतकी क्षीण होती की ब्रिकवेडने द्रव हायड्रोजन उडवून उरलेल्या भागात जड समस्थानिक दाट केला तेव्हाच ती नीट दिसली. युरीला १९३४ चं नोबेल मिळालं. जाळीची आपली ०.१५ ची चूक आणि एक नवा समस्थानिक, दोन्ही एकाच मापाचे.

(मराठीत वर्णपट म्हटलं की इंग्रज खगोलशास्त्रज्ञ लॉकयरने हेलियमची रेघ विजयदुर्गावरून शोधली हा उल्लेख येतोच, म्हणून एक दुरुस्ती. लॉकयरने १८६८ च्या ऑक्टोबरमध्ये ती पिवळी रेघ इंग्लंडमध्ये, ग्रहण नसताना पाहिली. विजयदुर्गावरची त्याची छावणी जानेवारी १८९८ च्या खग्रास ग्रहणासाठी होती. किल्ल्याचा मान त्याने कमी होत नाही.)

कॉलेजच्या प्रयोगशाळेत ही सगळी बारीक चर्चा दिसणार नाही, आणि का दिसणार नाही हे गणित करून पाहण्यासारखं आहे. इंचाला १५,००० रेघांचं ग्रेटिंग (बारीक समांतर रेघांची पट्टी, जी प्रकाशाचे रंग वेगळे करते) घेतलं तर दोन रेघांतलं अंतर १६९३.३ नॅनोमीटर, आणि पहिल्या क्रमातली लाल रेघ २२ अंश ४८ मिनिटांवर. व्हर्नियरवर एका मिनिटाची चूक झाली तर तरंगलांबीत ०.४५ नॅनोमीटरची चूक. डाव्या-उजव्या दोन्ही बाजू मोजून कोनाचा निम्मा घेतला तर हे कमी होतं, पण ६५६.११ आणि ६५६.२८ तरीही वेगळे निघणार नाहीत. दोन्ही बाजूंचे कोन असमान येत असतील तर ग्रेटिंग कोलिमेटरच्या (समांतर किरण देणाऱ्या नळीच्या) किरणांना काटकोनात नाही. सरासरी घेऊन ते झाकण्यापेक्षा टेबल पुन्हा लावा. लाल भागात जास्तीच्या बारीक रेघा दिसल्या तर त्या रेण्वीय हायड्रोजनच्या आहेत, नळी खराब नाही.

परत मॅट्रिक्सकडे, कारण तिथला सगळ्यांत फसवा भाग अजून बाकी आहे. ६० बोरच्या पेटीत ‘ल’ शून्यासाठी सहा ऋण आयगेनव्हॅल्यू मिळतात. खऱ्या अणूत त्या अनंत आहेत. सहापैकी पहिल्या चारांवर विश्वास ठेवा. न क्रमांकाच्या अवस्थेचा इलेक्ट्रॉन जुन्या यामिकीप्रमाणे २न² बोरपर्यंत जातो: पाचवी ५० पर्यंत, म्हणजे भिंतीला टेकते, सहावीला ७२ लागतात, तिला पेटी पुरतच नाही. पेटी चौपट, म्हणजे २४० केली तर ऋण आयगेनव्हॅल्यू तेरा होतात.

शून्याच्या वरच्या आयगेनव्हॅल्यूही छापून येतात आणि नवखा माणूस त्यांनाही पातळ्या समजतो. खऱ्या ऑपरेटरचा शून्याच्या वरचा स्पेक्ट्रम सलग आहे, तिथे सुट्या पातळ्या नाहीत. बामर मालिका (दुसऱ्या पातळीशी जोडलेल्या रेघा, लाल रेघ त्यांतलीच) ३६४.६ नॅनोमीटरच्या सीमेशी दाटत जाते आणि त्यापलीकडे रेघांऐवजी सलग पट्टा सुरू होतो. अभिजितसारख्या पांढऱ्या ताऱ्याच्या वर्णपटात तिथे मोठी पायरी दिसते. मर्यादित मॅट्रिक्सकडे सलग भाग असूच शकत नाही, म्हणून ती त्या जागी पेटीच्या सुट्या पातळ्या भरते. ओळखायची खूण सोपी: पेटी ६० ची १२० करा. जी मूल्यं जागची हलत नाहीत त्या खऱ्या पातळ्या. जी खाली घसरतात आणि अधिक दाट होतात ती भिंतींची. अगदी वरच्या टोकाला, २ ÷ ह² च्या आसपास, म्हणजे ०.०५ च्या पावलाला ८०० हार्ट्रीजवळ जे दिसतं त्यात अणूचा काहीच भाग नसतो, ती निव्वळ जाळी.

शेवटची एक परीक्षा ‘ल’ एक घेऊन. सिद्धांतात २एस आणि २पी (‘न’ दोन, ‘ल’ एक) यांची ऊर्जा अगदी एक आहे. ०.१ च्या जाळीवर २एस −०.१२४९२ ला आणि २पी −०.१२५०३ ला येते. पहिली खऱ्या मूल्याच्या वर, दुसरी खाली. आकडेमोडीतलं उत्तर नेहमी वरच्या बाजूने येतं हा समज चल-तत्त्वावर (अंदाजी तरंगफलाची सरासरी ऊर्जा खऱ्या किमान ऊर्जेच्या खाली जात नाही, या नियमावर) आधारलेल्या पद्धतींना लागू आहे, फरकांच्या या पद्धतीला नाही. आणि ही फूट २.८ मिलीइलेक्ट्रॉनव्होल्टची, म्हणजे २पी च्या खऱ्या सूक्ष्म रचनेच्या साठेक पट. तेव्हा कुणी या पावलाच्या जाळीवर स्पिन-कक्षा संज्ञा (इलेक्ट्रॉनचा स्पिन आणि त्याची कक्षीय गती यांच्या परस्परक्रियेचं पद) चढवून रेघ फुटलेली दाखवली, तर आधी ती संज्ञा काढून रेघ एकसंध राहते का ते बघायला सांगा.