तुम्ही विचारलंत म्हणून: सांगलीत जर्मन राजपुत्राचं नाटक कशाला?

आमच्या नाट्यवाचनाला नवीन आलेलं कुणीही हेच विचारतं, सर आपली एवढी नाटकं असताना जर्मन लेखक ब्यूख्नरचं ‘लिओन्स आणि लेना’ का घेता? प्रश्न बरोबरच आहे, १८४३ ला विष्णुदास भाव्यांनी सांगलीचे राजे चिंतामणराव पटवर्धनांच्या आश्रयाने सीतास्वयंवर हे नाटक केलं ते इथंच, सांगलीत. पण ते पण राजघराण्यातलंच लग्न की!

‘लिओन्स आणि लेना’ १८३६ चं. राजपुत्र लिओन्सला कंटाळा इतका की एकाच दगडावर ३६५ वेळा थुंकायचं हे त्याचं काम, बाप पेटर राजा, प्रजेची आठवण राहावी म्हणून रुमालाला गाठ मारणारा. लिओन्सचं लग्न राजकन्या लेनाशी ठरवलंय, दोघांनी एकमेकांना पाहिलेलंही नाही, दोघंही पळतात, इटलीकडे वाटेत भेटतात, ओळख नसतानाच प्रेमात पडतात आणि मुखवटे घालून यंत्राची माणसं म्हणून परत येतात, इकडे नवरानवरीचा पत्ता नाही आणि राजाने तर आनंद करायचं जाहीर करून टाकलंय, मग त्या यंत्रांचंच लग्न लावून देतात!

आमच्या पोरी इथं हसतात आणि मग गप्प होतात, कारण त्यांनी हरिपूरच्या देवलांचं १८९९ चं शारदा वाचलेलं असतं, म्हाताऱ्याशी लग्न ठरवलेल्या मुलीचं नाटक. लेना पळून जाऊ शकते, शारदा नदीवर जीव द्यायला जाते. हा फरक मला कधी सांगावा लागला नाही.

पण मी हे नाटक घेतो ते दुसऱ्याच एका सीनसाठी. लग्नाच्या दिवशी शेतकऱ्यांना नीट कपडे घालून रांगेत उभं केलंय, मास्तर त्यांच्याकडून जयजयकार घोकून घेतोय, आणि वर सांगतोय की बघा तुमची किती काळजी घेतलीय, स्वयंपाकघराकडचा वारा तुमच्यावरूनच जाईल असं उभं केलंय, म्हणजे जन्मात एकदा तरी भाजलेल्या मटणाचा वास मिळेल. नुसता वास! पाहुणे येणार म्हणून शाळेतनं उन्हात रस्त्याकडेला उभं राहिलेल्यांना हे समजावून सांगायला लागत नाही. ब्यूख्नरने हे गंमत म्हणून लिहिलं नव्हतं, त्याने १८३४ मध्ये शेतकऱ्यांसाठी कराचे आकडे मांडून पत्रक काढलेलं, पकडतील म्हणून फ्रान्समधल्या स्ट्रासबुर्गला पळाला, आणि १८३७ ला २३ व्या वर्षी टायफसने गेला. नाटक रंगमंचावर यायला १८९५ उजाडलं.

त्यामुळं लिओन्स कुणीही वाचा, मास्तर आणि शेतकरी मात्र मी निवडतो, आणि जयजयकाराचा तो भाग घाईत वाचला तर परत घ्यायला लावतो.