टँगमिअर ते शोरहॅम: रात्रीच्या शिकारी विमानांच्या मागावर

लंडनच्या व्हिक्टोरिया स्टेशनवरून चिचेस्टरला गाडीने साधारण दीड तास, तिथून टँगमिअर, दुसऱ्या महायुद्धातला हवाई तळ, जेमतेम पाच किलोमीटर. बस आहे, पण रविवारी तिच्या भरवशावर राहू नका.

इथल्या धावपट्टीवर एप्रिल १९४० मध्ये ब्रिटिश हवाई दलाने ‘फायटर इंटरसेप्शन युनिट’ उभं केलं. विमानात बसवलेलं रडार अंधारात खरंच शत्रू शोधून देतं का, हे प्रत्यक्ष लढाईतच तपासायचं, एवढंच त्याचं काम. अडचण मोठी मजेशीर होती. विमान जितक्या उंचीवर, साधारण तितक्याच अंतरापर्यंत रडारला दिसायचं. त्यापलीकडचं सगळं जमिनीवरून परतणाऱ्या लहरींत बुडून जायचं. म्हणजे चार किलोमीटर उंचीवर उडणाऱ्याला पाच किलोमीटरवरचा बॉम्बर दिसणारच नाही! त्यात हाती असलेली ब्लेनहाइम विमानं संथ. जमिनीवरच्या केंद्राने नेमकं शत्रूच्या मागे नेऊन सोडलं तरच काही आशा.

२२ जुलै १९४०च्या रात्री ते जमलं. वैमानिक ॲशफील्ड, निरीक्षक मॉरिस आणि रडारवर लेलंड. जर्मन बॉम्बर डॉर्नियर पडलं तेव्हा त्याच्या तेलाने ब्लेनहाइमची समोरची काच माखली होती. विमानातल्या रडारच्या मदतीने पाडलेलं हे पहिलं विमान.

आता धावपट्टीच्या जागी शेती आणि घरं आहेत. एका कोपऱ्यात १९८२ पासूनचं संग्रहालय आहे; हिवाळ्यात काही काळ बंद असतं, वेळा आधी पाहून निघा. गर्दी असते ती वैमानिक नेव्हिल ड्यूकने १९५३ मध्ये वेगाचा विक्रम केला त्या लाल हंटर जेट विमानाभोवती. तुम्ही स्वयंसेवकांना गाठा आणि रात्रीच्या लढाईचं विचारा. मग वेळेचं भान ठेवणं तुमच्याकडे. गावातल्या सेंट अँड्र्यूज चर्चच्या आवारात ब्रिटिश आणि जर्मन अशा दोन्हीकडच्या वैमानिकांच्या कबरी आहेत, त्या चुकवू नका.

१६ ऑगस्ट १९४० रोजी जर्मन स्टुका बॉम्बर विमानांनी टँगमिअर भाजून काढलं. पुढे युनिट शोरहॅमला गेलं आणि १९४१च्या सुरुवातीला फोर्डला. फोर्डसाठी वाट वाकडी करू नका असं माझं स्पष्ट मत. जुन्या तळाच्या एका भागावर खुलं कारागृह आहे, तिथे कॅमेरा घेऊन रेंगाळणं बरं दिसत नाही. गाडीच्या खिडकीतून पाहिलं तरी पुरे.

शोरहॅमला मात्र उतराच. विमानतळाची १९३६ची आर्ट डेको टर्मिनल इमारत आजही वापरात आहे, आणि छोटी विमानं अगदी जवळून पाहता येतात. युनिटला नवं बोफायटर लढाऊ विमान ऑगस्ट १९४० मध्ये मिळालं: वेगही होता आणि नाकाखाली चार तोफाही. स्टेशनपासून विमानतळ पायी अर्धा तास. जाताना अडूर नदीवरचा, मोटारींना बंद असलेला जुना लाकडी पूल धरा. वारा भन्नाट असतो, उन्हाळ्यातही जॅकेट जवळ असू द्या.